दूध उतू जाऊन राहिलं

बाई, तुमच्या ओट्यावरून सांडलेल्या दुधामुळे गेल्या महिन्यात अकोल्यात एक माणूस अटकेतून वाचला. हे वाक्य तुमच्या हाती पडले असते तर तुम्ही ते लाल शाईने अधोरेखित केले असते आणि समासात लिहिले असते, "कसे? क्रमाने सांग." म्हणून क्रमाने सांगते.

आधी हे सांगायला हवे की मी पोलीस उपनिरीक्षक झाले. तुमच्या वर्गातली, हजेरीला "उपस्थित" म्हणतानाही जिचा आवाज दुसऱ्या बाकाच्या पुढे जात नसे ती मुलगी आज खाकी घालून लोकांना प्रश्न विचारते, हे ऐकून तुम्ही चष्मा काढून पुसला असता. परीक्षेत मराठीच्या पेपरने मला तारले, मैदानी चाचणीत कोणी तारले ते अद्याप कळलेले नाही. मी बारावीत असताना तुम्ही गेलात, त्यामुळे यातले काहीच तुम्हाला ठाऊक नाही.

तुम्ही पुण्याहून लग्न होऊन अमरावतीत आलात आणि आमच्या शाळेत मराठी शिकवू लागलात. आठवीत एकदा तुम्ही वर्गात आलात तेव्हा मी खाली मान घालून वाचत होते. "काय चाललंय?" असे तुम्ही विचारलेत. मी उभी राहिले आणि म्हणाले, "धडा वाचून राहिली, बाई." "वाचून राहिलीस? म्हणजे जीव वाचला म्हणायचा तुझा. मग बरं झालं. आता 'वाचते आहे' असं म्हण." सगळा वर्ग हसला. तुमच्या बोलण्यात दुष्टावा नव्हता, विनोदही चांगला होता, हे मला तेव्हाही कळले होते. तरीही त्यानंतर कितीतरी दिवस मी वर्गात तोंड उघडले नाही. घरी आई "जेवून राहिली का?" असे विचारी तेव्हा मी नुसती मान हलवत असे, कारण उत्तर कोणत्या मराठीत द्यावे तेच मला उमगत नसे.

मग तो रविवार. निबंध स्पर्धेच्या तयारीसाठी तुम्ही मला कॅम्प भागातल्या तुमच्या घरी बोलावले आहे. तुम्ही बाहेरच्या खोलीत वह्या तपासत बसला आहात, मी पाणी प्यायला स्वयंपाकघरात गेले आहे. गॅसवर दुधाचे पातेले आहे, साय फुगून काठावर आली आहे आणि पहिली धार बाहेरून उतरू लागली आहे. परक्या घरातल्या गॅसला हात कसा लावायचा म्हणून मी दारापर्यंत येते आणि जेमतेम ऐकू जाईल अशा आवाजात म्हणते, "बाई, दूध उतू जाऊन राहिलं." तुम्ही वहीतून डोके वर न काढता म्हणता, "राहिलं ना? असू दे. पुसू मग." मी तशीच उभी. तुम्ही आणखी एक वही उघडता. आत दूध पातेल्यातून ओट्यावर, ओट्यावरून कपाटाच्या दारावर आणि तिथून फरशीवर येते, गॅस विझतो, जळका वास सुटतो, आणि मग तुम्ही धावत आत येता.

"अगं, सांगायचं नाही का?"

"सांगितलं ना, बाई. जाऊन राहिलं म्हटलं."

तुमच्या चेहऱ्यावर आधी काहीच उमटले नाही. मग हळूहळू उमटले. तुम्ही ओट्याला टेकून इतक्या हसलात की तुमच्या डोळ्यांत पाणी आले. "म्हणजे तेव्हा ते जात होतं. आणि मला वाटलं, जाऊन झालं." मग तुम्ही ते दूध पुसू दिले नाहीत. मला वही आणायला लावून म्हणालात, "हे बघ, इथे एक अपघात झाला आहे. वर्णन लिही. आधी फक्त दिसतं ते. ते संपलं की रेघ मार आणि त्याखाली तुला काय वाटतं ते लिही. रेघेच्या वरचं खाली जाता कामा नये आणि खालचं वर येता कामा नये." मी लिहिले की दूध ओट्याच्या डाव्या बाजूने सांडले आहे, पातेल्याचा काठ डावीकडे दबलेला आहे, बर्नर ओला आहे पण बटन चालूच आहे. रेघेखाली लिहिले की दूध सांडत असताना गॅस कोणी बंद केला नाही. तुम्ही वाचलेत, घाईघाईने बटन फिरवलेत, खिडकी उघडलीत आणि पुन्हा हसत सुटलात.

सोमवारी तुम्ही सगळ्या वर्गासमोर ती गोष्ट सांगितलीत. "चूक हिची नव्हती, मला काळ कळला नाही," असे म्हणालात. कोणत्याही बाईंनी आम्हाला असे कधी सांगितले नव्हते. दुसऱ्या दिवशी तुम्ही मला काचेची ती चकती दिलीत, दुधाच्या तळाशी टाकायची. दूध वर येऊ लागले की ती खडखडते. "मी स्वतःसाठी एक घेतली, तुझ्यासाठी एक. दूध वर येऊ लागलं की ती गप्प बसत नाही. तूही बसू नकोस." ती चकती आज ठाण्यात माझ्या टेबलावर आहे. अकोल्याच्या उन्हाळ्यात कूलर पूर्ण वेगाने लावला की टेबलावरचे कागद उडतात, ते ती दाबून धरते.

आता कुलूप. एका मंगल कार्यालयात लग्न होते. नवरीच्या खोलीत दागिन्यांचा डबा होता. मंगलाष्टके सुरू होण्याआधी सगळे मांडवात गेले, चौकीदाराने खोलीला कुलूप लावले, आणि लग्न लागून मंडळी परतली तेव्हा कुलूप कोयंड्याला उघडे लटकत होते व डबा नव्हता. आम्ही गेलो. अशा जागी आधी कोणीही कशाला हात लावायचा नसतो. दारातूनच फोटो घ्यायचे, मग मापे, मग ठशांची पावडर, मग एकेक वस्तू पाकिटात घालून लाखेने सील करायची. पंचनामा मी लिहिला. बाई, प्रत्येक पंचनाम्यात मला तुमची ती रेघ दिसते. "कुलूप उघडे दिसून आले. तोडल्याच्या किंवा ओरखड्याच्या खुणा दिसून आल्या नाहीत." एवढे रेघेच्या वर. कुलूप न तोडता उघडले म्हणजे किल्लीने उघडले, आणि किल्ली फक्त चौकीदाराकडे होती, हे रेघेच्या खालचे. पण ते इतके सरळ दिसत होते की सगळ्यांनी ते वर नेऊन ठेवले. कुलपावर चौकीदाराच्या ठशांखेरीज आणखी एक ठसा मिळाला होता. तो घरातल्याच कोणाचा असेल असे ठरले.

आमचे साहेब पुण्याकडचे आहेत, नुकतेच बदलून आलेले, शांत आणि न्यायी. त्यांनी नवरीच्या मामीला विचारले, तेव्हा मी बाजूला बसून लिहून घेत होते. मामी म्हणाल्या, "मी ताट घेऊन मांडवात चाल्ली होती, तवा हा चौकीदार खोलीले कुलूप लावून राहिला होता." साहेबांनी मला मजकूर सांगितला, "चौकीदार कुलूप लावून तेथेच थांबलेला होता, असं घ्या." आणि चौकीदार तर सांगत होता की कुलूप लावल्याबरोबर तो मांडवात गेला. म्हणजे तो खोटे बोलत होता. साहेबांनी फाइल मिटली. "आज संध्याकाळी याला अटक दाखवू."

चौकीदार बाहेर बाकावर बसलेला होता. त्याच्या बायकोने आणलेला जेवणाचा डबा शेजारी तसाच बंद होता. मी जवळून गेले तेव्हा तो उठून उभा राहिला. "म्याडम, कुलूप म्या लावलं होतं. इतकंच लिहा, बाकी काई नका लिहू." मी आत येऊन बसले. साहेब माझ्यापेक्षा वयाने, हुद्द्याने आणि आवाजाने मोठे. कूलरचा घरघराट चालू होता, चकती कागदांवर होती, आणि माझ्या डोक्यात एकच वाक्य फिरत होते: तेव्हा ते जात होतं, आणि मला वाटलं, जाऊन झालं.

"सर," मी म्हणाले. ते ऐकू गेले नाही. मी पुन्हा, जरा मोठ्याने म्हणाले, "सर, मामींना एकदा परत विचारू या. त्या 'थांबला' म्हणाल्या नाहीत."

साहेबांनी माझ्याकडे पाहिले. त्या ठाण्यात न विचारता मी बोललेले ते बहुधा पहिलेच वाक्य होते. मामी अजून व्हरांड्यातच होत्या. मी त्यांना विचारले, "मामी, कुलूप लावल्यावर तो तिथंच थांबला होता काय?"

"थांबला कायले असन? लावून राहिला होता म्हटलं ना. लागूनच नोतं राहिलं त्याच्यानं. म्या त्याले म्हटलं बी, काहून रे बापा, कुलपाशी कुस्ती खेळून राहिला का?"

साहेब खुर्चीत पुढे झुकले. "म्हणजे राहिला म्हणजे राहिला नव्हता?"

"नाही सर. लावत होता. अजून लागलं नव्हतं."

"मग सरळ 'लावत होता' असं सांगायचं ना, मामी."

"तेच तं सांगून राहिली मी," मामी म्हणाल्या. "साहेबाले मराठी येत नाई काय, पोरी?"

बाई, मला हसू आवरले नाही. साहेबांनाही आवरले नाही. पण हसता हसता माझ्या मनात दुसरी गोष्ट आली. कुलूप दाबून लावायचे होते, आणि असे कुलूप लागायला टिचकीइतका वेळ लागतो. ताट घेऊन जाणाऱ्या बाईला एखादा माणूस कुलूप लावताना दिसतो, ती त्याला चिडवूनही जाते, म्हणजे ते कुलूप वेळ घेत होते. ते का वेळ घेत होते? आम्ही पंचांना बोलावून त्यांच्यासमोर पाकिटाचे सील काढले. कुलपाची बाहेरची बाजू सगळ्यांनी पाहिली होती. कडी जिथे आत शिरते त्या भोकात कोणी पाहिले नव्हते. मी विजेरी धरली. आत तांदळाचा अर्धा दाणा चेचून बसला होता, कुंकवाने लाल झालेला. त्या दिवशी पाहुण्यांना अक्षता वाटायचे काम चौकीदाराकडेच होते. अक्षता आणि कुलूप एकाच खिशात होते. दाणा भोकात अडकला, कडी टेकली, कुलूप लागल्यासारखे दिसले, आणि मंगलाष्टके सुरू झाली म्हणून तो लगबगीने निघून गेला. ओढले की ते कोणालाही उघडता आले असते. किल्ली लागतच नव्हती. मी रेघेच्या वर लिहिले: "कुलपाच्या भोकात तांदळाचा चेचलेला दाणा दिसून आला." मग साहेबांनी स्वतः बाहेर जाऊन चौकीदाराला सांगितले, "डबा उघडा आणि जेवा. घरी जायचं आहे तुम्हाला." तो आधी डब्याकडे, मग माझ्याकडे पाहत राहिला. "मंग म्या लावलं होतं का नव्हतं, म्याडम?" मी म्हणाले, "तुम्ही लावलं होतं, काका. ते लागलं नव्हतं."

पुढचे काम सोपे होते. कोणीही शिरू शकत होते हे कळल्यावर आम्ही लग्नाचे सगळे फोटो मागवले आणि दोन्हीकडच्या मंडळींना समोरासमोर बसवून एकेक चेहरा ओळखायला लावला. सूट आणि फेटा घातलेला एक गृहस्थ बऱ्याच फोटोंत निघाला. मुलीकडचे म्हणाले, तो मुलाकडचा. मुलाकडचे म्हणाले, वा, आम्ही तर त्यांना तुमचे मोठे जावई समजून आग्रहाने वाढले. एका फोटोत तो नवरदेवाच्या खांद्यावर हात ठेवून उभा आहे. त्याचा फोटो आसपासच्या ठाण्यांना गेला, आणि पुढच्याच आठवड्यात धामणगाव रेल्वेच्या एका लग्नात तिथल्या हवालदारांनी तो शोधून काढला. त्यांचा फोन साहेबांनी स्पीकरवर घेतला.

"साहेब, सापडला. जेवून राहिला आहे."

साहेबांनी माझ्याकडे पाहिले, आणि अगदी गंभीरपणे फोनमध्ये विचारले, "जेवला, की जेवतोय?"

"जेवतोय, साहेब. जिलेबीवर आहे. होऊ देतो त्याचं."

कुलपावरचा तो दुसरा ठसा त्याचाच निघाला. दागिन्यांचा डबाही मिळाला, थोडा रिकामा झालेला, पण मिळाला. चौकीदार आपल्या कामावर परत आहे. हल्ली तो कुलूप लावल्यावर ते ओढून पाहतो आणि मग पुन्हा एकदा ओढतो. साहेबांनी मला विचारले की हे तुमच्या लक्षात कसे आले. मी त्यांना दुधाची गोष्ट सांगितली, न अडखळता, सबंध. ते म्हणाले, "तुमच्या बाईंना कळवा." मी "हो सर" म्हणाले. तुम्ही नाही आहात, हे सांगून ती दुपार मला मोडायची नव्हती.

म्हणून हे लिहायला बसले. आत्ताच आईचा अमरावतीहून फोन आला होता, "काय करून राहिली, बेटा?" आणि बाई, इथे एक कबूल करायला हवे. तुम्ही शिकवलेले "करते आहे" मी परीक्षेत लिहिले, मुलाखतीत बोलले, पंचनाम्यात रोज लिहिते. घरी मात्र ते माझ्या तोंडात एकदाही आले नाही. मी आईला म्हणाले, "बाईंना पत्र लिहून राहिली." तुमच्या मराठीत ते लिहून संपले आहे आणि पाकिटात घालायला हरकत नाही. माझ्या मराठीत मी ते अजून लिहितेच आहे.