वाजलेला कागद

बाई, परवा शुक्रवारी इथे आखातात, आमच्या फिंतासच्या घरी तुमच्या एका श्रुतिकेची तालीम झाली. येत्या शुक्रवारी इथल्या मराठी मंडळींपुढे आधी मी तुमची ओळख करून देणार, मग आम्ही ती वाचणार. ओळख लिहिणं मला काय अवघड? नऊ वर्षांच्या असताना तुम्ही परकर-पोलक्यात रंगमंचावर उभ्या राहिलात. नाटकाच्या बसमधली ड्रायव्हरमागची खिडकी पंचवीस वर्षं कुणाला दिली नाहीत. गुडघ्यांनी दौरे बंद पाडले तेव्हा रेडिओवर आलात, आणि नुसत्या आवाजावर सोळा वर्षांची मुलगी झालात नि ऐंशीची सासूही. सगळं तोंडपाठ आहे. अडलो ते एका वाक्यापाशी.

मी शिकलो तुमच्या स्वयंपाकघराबाहेर. तुम्ही आत भाजी चिरताय, मी मागच्या पडवीत उभा राहून वाचतोय. "मला दिसू नकोस, नुसता ऐकू ये." वाक्याचा शेवट गिळला की आतून आवाज यायचा, "शेपूट कोण म्हणणार, शेजारीण?" आणि माइकसमोर सभा भरवायची नाही, एकाच माणसाशी बोलायचं. त्याच शिकवणीवर आज माझं पोट चालतं. जाब्रियातल्या इस्पितळात मी एमआरआयच्या काचेमागे बसतो. आत नळकांड्यात पडलेल्या माणसाला माझा फक्त आवाज ऐकू येतो. मागच्या महिन्यात रत्नागिरीकडचे एक चाचा घाबरून दोनदा बाहेर आले. तिसऱ्यांदा आत घेतल्यावर मशीनची खटखट थांबली की मी त्यांना गावची वाट समजावून सांगायचो, पार त्यांच्या अंगणापर्यंत. "तू बोलत रव, मी हालत नाय," म्हणाले, आणि खरंच हलले नाहीत. डॉक्टर म्हणतात, तुझ्या आवाजात काहीतरी आहे. आहेच. ते तुमचं आहे.

आता ते वाक्य. 'रेडिओवरच्या वीस वर्षांत बाईंचा कागद एकदाच वाजला.' तुमच्या शोकसभेत हे तिघांनी सांगितलं. तेच सांगणारा चौथा मी. थेट प्रसारण होतं. वाचून झालेलं सुटं पान आवाज न करता कसं सरकवायचं हे तुम्ही मला महिनाभर घोटून शिकवलं होतं. तरी ऐन मरणाच्या प्रसंगात माझ्या घामट बोटांना दोन पानं चिकटली आणि करकरली. प्रसारण संपताच निर्माते तणतणत आत आले. "कागद कुणाचा?" तुम्ही चष्मा पुसत म्हणालात, "माझा." मी नवखा होतो, पुढचं काम नक्की गेलं असतं. बाहेर चहा पिताना तुम्ही एवढंच म्हणालात, "उद्यापासून हातरुमाल आणत जा." हातरुमाल आणला. तोंड मात्र उघडलं नाही.

परवा तालमीत माझ्या अकरा वर्षांच्या लेकीचा कागद वाजला. तिचं मराठी आम्ही इंग्रजी अक्षरांत लिहून दिलंय, पानं दुप्पट झालीत. मोबाइलवर रेकॉर्डिंग करणारे शेजारी वैतागले, "अरे, पान कुणाचं वाजलं?" मी तुमच्याच थाटात म्हटलं, "माझं." वाटलं, चला, तुमचं थोडंफार फेडलं. लेक माझ्याकडे बघून म्हणाली, "नो बाबा, दॅट वॉज मी," आणि पुन्हा पहिल्या ओळीपासून वाचायला लागली. कुणी तिला रागावलंही नाही. मला लाज वाटली, बाई, आणि तिचा अभिमानही वाटला.

आज ते वाक्य खोडून तिथे खरं लिहिलं. शुक्रवारी ते वाचणार आहे. समोर शंभर माणसं असली तरी मी एकटीशीच बोलेन, पहिल्या रांगेतल्या लेकीशी. हे पत्र कुठे पाठवणार? श्रुतिकेच्या पानांखाली ठेवतोय. आत्ता दार लावून एकदा मोठ्याने म्हणून पाहिलं, 'तो कागद बाईंचा नव्हता, माझा होता.' शेपूट गिळलं मी.