जोत्यासकट एकवीस मीटर

४ मार्च

चि. ठमीस अ. उ. आशीर्वाद.

आधी एक गंभीर तक्रार नोंदवतो. पाकिटाला तू आतून-बाहेरून मिळून सात पिना मारल्या होत्यास. उघडताना माझा अंगठा रक्तबंबाळ झाला, आणि ज्यासाठी ही आहुती पडली तो मजकूर निघाला साडेचार ओळींचा. आमच्या शाळेत प्रश्नपत्रिकांनाही एवढा बंदोबस्त नसतो.

असो. गॅस एजन्सीच्या अर्जात तुला गोदामासाठी जागा दाखवावी लागते आणि रस्त्याकडेची आपली जागा बाबांनी माझ्या नावावर केलेली, एवढं कळलं. माझी हरकत नाही. सोबत संमतिपत्र आहे. त्याला अकरा दिवस लागले म्हणून रागावू नकोस. जन्मभर संस्कृत शिकवलेल्या माणसाने सरकारदरबारी कसंतरी खरडून पाठवावं, हे मनाला पटेना. तीन खर्डे फाडले.

मेहुण्यांची कंबर कशी आहे? त्यांना स्वस्थ बसवणं डॉक्टरांना जमलं नाही, तरी तुला जमेल.

पिना कमी कर, लोभ वाढव.

तुझा,
दादा

९ मार्च

ती. दादास सा. न. वि. वि.

तुझं संमतिपत्र कचेरीत फार गाजलं. कारकुनाने ते मोठ्याने वाचलं, पलीकडच्या टेबलावरच्या दोघींना बोलावून पुन्हा वाचलं, हल्ली असं कोण लिहितं म्हणाला, आणि माझ्या हातात परत दिलं. साध्या कागदावरची संमती चालत नाही म्हणे. जागा अर्जदाराच्या नावावर हवी, नाहीतर निदान पंधरा वर्षांचा नोंदणी केलेला भाडेपट्टा हवा. तोही अर्जाच्या मुदतीच्या आत. मुदत एकवीस तारखेची. तुझे अकरा दिवस कुठे गेले ते मी त्याला सांगितलं नाही.

ह्यांची कंबर आहे तशीच. टेम्पो विकला. वीस वर्षं ह्यांनी दुसऱ्याच्या एजन्सीची सिलिंडरं आठ गावांत पोचवली, घराघरात ओळख आहे, म्हणून मी हा घाट घातला. नाहीच जमलं तर लेकीकडे जाऊन राहायचं. तिच्या सासूबाई आत्तापासूनच फार गोड बोलायला लागल्यात, त्याची मला धास्ती वाटते.

काल टेप लावून जागा मोजली. सव्वीस मीटर लांब आणि एकवीस मीटर रुंद मोकळी जागा लागते. लांबी भरपूर आहे. रुंदी, तू घरासाठी बांधून ठेवलेल्या जोत्यासकट, एकवीस भरते. जोतं वगळलं तर सतरा. आहे ते कळवलं. मागत काही नाही.

प्रकृतीला जप, आणि माझ्यावर राग धरू नकोस.

तुझी,
ठमी

१३ मार्च

चि. ठमीस अ. उ. आशीर्वाद.

‘मागत काही नाही’ असं लिहून तू काय मागतेस, ते तुझ्या त्या कारकुनालाही कळलं असतं. सतरा तारखेला सकाळच्या गाडीने येतो. नोंदणी त्याच दिवशी उरकू. मसुदा वकिलाकडून करून घेतलाय, त्यात माझा एक शब्द नाही, निर्धास्त राहा. जोतं फोडायला गवंडी सांगून ठेव. दगड चांगले आहेत, कुंपणाला वापर.

आधी भाडेपट्ट्याचंच ठरवलं होतं. मग लक्षात आलं, पंधरा वर्षांनी मी बहात्तरचा होईन. त्या वयात कुणी घर बांधायला काढत नाही. तेव्हा बक्षीसपत्रच करतोय, जागा तुझी. उपकार मानत बसू नकोस, तुला ते नीट जमतही नाही.

इथे पाकीट बंद करणार होतो, पण एक राहिलं. पुढल्या वर्षी मी निवृत्त होतो आणि शाळेची खोली सोडावी लागते. तुझी वहिनी गेल्यापासून, म्हणजे सहा वर्षं, कुणीही विचारलं की मी सांगत आलो, गावी घर बांधणार. बहुधा बांधलं नसतंच, पण सांगायला होतं. आता कुठे जाऊन राहायचं ते मला ठाऊक नाही, ठमे. एकटं राहायची मला भीती वाटते.

दादा