बर्फातला तो

उदगीर, रविवार

लंडनहून आलो की मायला माझा नवा सिनेमा दाखवायचा, हे ठरलेलंच. तिथल्या बहुतेक सिनेमांत मी मरतो. मी मरायच्या जरा आधी माय दूध बघायला उठते. आज मात्र हलली नाही. या सिनेमात शेवटी मी नुसता बर्फात बसची वाट बघतो. तिच्या चष्म्यावरही बर्फ पडत होता.

"कुठं निघालास?"

"घरी," मी म्हणालो. सिनेमात असं कुठंच नाही. का म्हणालो, कोण जाणे.

जेवणं झाल्यावर वहिनी दाराला कडी घालायला गेली, तर माय म्हणाली, "राहू दे उघडं. पोरगं बर्फात उभं हाय."

"माय, मी हितंच हाय की!"

ती हसली. "तू हाईस. त्यो यायचाय अजून."

दार उघडंच आहे. मघापासून मीही तिकडंच बघत बसलोय.