खुर्चीचे नाटक आणि बाकीची मिळकत

मी, खाली सही करणारी, अविवाहित, पदवीधर, आज माझ्या टेबलाशी बसून, चष्मा लावून, पूर्ण शुद्धीवर हे मृत्युपत्र स्वतःच्या हाताने लिहीत आहे. मला कोणी भरीस घातलेले नाही. ते धाडस असलेली माणसे आता उरलेलीही नाहीत. यापूर्वीचे मृत्युपत्र मी रागाच्या भरात लिहिले होते, ते रद्द समजावे. हे शांतपणे लिहीत आहे, पण म्हणून कोणी फार आशा धरू नये.

व्यवसायाबद्दल खुलासा. वृत्तपत्रात चित्रांवर लिहिणे, कलादालनात प्रदर्शने मांडणे, नाटके लिहिणे आणि त्यांना संगीत देणे, ही चार कामे मी केली. नोंदणी कचेरीतल्या कारकुनाने विचारले, "बाई, यातलं खरं कोणतं?" हा प्रश्न मला आयुष्यभर विचारला गेला आहे. चित्रकार मला नाटकवाली म्हणत, नाटकवाले पेपरवाली म्हणत, आणि वादक मंडळी काही न म्हणता आपली खुर्ची थोडी बाजूला सरकवीत. चारही खरी होती. तसेच लिहावे.

कलम पहिले : घर. दोन खोल्या, स्वयंपाकघर आणि गच्चीचा वाटा धाकट्या भावाला द्यावा. तो मला अजून छोटीताई म्हणतो. मोठी ताई जाऊन इतकी वर्षे झाली तरी मला बढती मिळालेली नाही. मधली भिंत काढली की केवढी ऐसपैस खोली होईल, हे तो दर भेटीत सांगतो. माझ्यामागे ती खुशाल काढावी. माझ्यादेखत मात्र मोजमापाची टेप घेऊन येऊ नये.

कलम दुसरे : बँकेत जे निघेल ते भाऊ आणि ताईची मुलगी, म्हणजे माझी भाची, यांनी निम्मेनिम्मे घ्यावे. चित्रांवर लिहून कोणी गब्बर झालेले नाही, हे ध्यानात ठेवून निघेल त्यात समाधान मानावे.

कलम तिसरे : चित्रे. बाहेरच्या खोलीतले मोठे निळे चित्र ज्यांचे, त्यांना आम्ही मागे निळेसाहेब म्हणत असू. त्यांचा निळा रंग फाटकाला नुकत्याच दिलेल्या तेलरंगासारखा आहे असे मी एकदा लिहिले. ते माझ्याशी बोलेनासे झाले. पुढे एका प्रदर्शनात मी त्यांचे चित्र खिडकीशेजारच्या भिंतीवर लावले, तेव्हा बराच वेळ समोर उभे राहून म्हणाले, "लिहिता वाईट, पण टांगता छान." आणि हे चित्र घरी पाठवून दिले. ते मी खालच्या मजल्यावरच्या दंतवैद्यबाईंना देणार होते, कारण त्यांच्याकडे येणाऱ्यांना दुखणे विसरायला काहीतरी हवे. पण त्या या दस्ताच्या साक्षीदार आहेत, आणि साक्षीदाराला काही देता येत नाही असे वकील म्हणतात. तेव्हा चित्र भावाला. त्याला ते आवडत नाही, याची मला कल्पना आहे.

माझी हत्यारे, म्हणजे हातोडी, लेव्हल, दोरा आणि खिळ्यांचा डबा, कलादालनातल्या सुताराला द्यावीत. चित्र डोळ्यांच्या रेषेत टांगावे हे सगळ्यांना ठाऊक असते, पण कोणाच्या डोळ्यांच्या, ते कोणी विचारत नाही. माझ्या प्रत्येक प्रदर्शनात ती रेषा ताईच्या डोळ्यांची होती. ताई बुटकी होती. उंच माणसांनी तक्रारी केल्या की वाकावे लागते. चित्रापुढे वाकल्याने कोणाचे नुकसान झाल्याचे माझ्या पाहण्यात नाही. दालन बंद करताना मी शेवटची फेरी मारीत असे, तेव्हा त्या उंचीवरून कोणीतरी चित्रे पाहत आहे असे मला नेहमी वाटे. मी दिवे आधी आतले नि मग दाराजवळचे घालवीत असे, म्हणजे तिला दारापर्यंत दिसावे.

माझ्या प्रत्येक लेखाचा शेवटचा परिच्छेद जागा नाही म्हणून कापणाऱ्या संपादकांना काही नाही.

कलम चौथे : व्हायोलिन संगीत शाळेला द्यावे. ते वाजवावे, काचेच्या कपाटात ठेवू नये.

कलम पाचवे : खुर्चीचे नाटक. याविषयी सविस्तर लिहिणे भाग आहे, कारण भांडण झालेच तर यावरून होईल.

हे नाटक मी ताईसाठी लिहिले. रंगमंचावर दोन माणसे, एक खुर्ची. खुर्चीत बसणारी बाई ताई, आणि तिच्याशी बोलणारा नवरा मास्तर. मास्तर म्हणजे आमच्या नाटकमंडळींतले शाळामास्तर, दिवसा गणित शिकवीत आणि संध्याकाळी तालमीला येत. आमच्या मंडळींची एक रीत होती. कोणी तालमीला आले नाही तर त्याची वाक्ये दुसऱ्याने वाचायची नाहीत. त्याचा वेळ त्याला सोडायचा. तेवढा वेळ मी पडद्याआड बसून व्हायोलिनवर एक सूर धरीत असे, मनात ती वाक्ये म्हणत असे, आणि ती संपली की गज उचलीत असे. मग समोरच्याने पुढे बोलायचे.

ताई तापाने आजारी पडली तेव्हा आम्ही असेच केले. ताई गेली. त्यानंतरच्या तालमीला दुसरी नटी आणा म्हणण्याची कोणाची जीभ उचलली नाही. मास्तरांनी पहिले वाक्य म्हटले, मी सूर धरला. नाटक शेवटपर्यंत गेले. दिग्दर्शक डोळे पुसत म्हणाले, "हे असंच करू."

असेच केले. लोकांनी डोक्यावर घेतले. माझ्याच व्यवसायातल्या मंडळींनी रिकाम्या खुर्चीवर रकानेच्या रकाने भरले. अभावाचे सौंदर्य म्हणाले, धाडसी प्रयोग म्हणाले. मी स्वतः समीक्षा लिहीत होते, तेव्हा असे शब्द केव्हा सुचतात हे मला चांगले माहीत होते. तो प्रयोग नव्हता. आमच्यात एक माणूस कमी होते. नाटक छापले गेले तेही तसेच, ताईच्या वाक्यांच्या जागी टिंबे घालून. पूर्ण संहिता माझ्या कपाटात आहे, हे सगळ्यांना ठाऊक आहे.

पुढचे मी पूर्ण शुद्धीवर लिहीत आहे. डॉक्टरांचा दाखला सोबत जोडला आहे, शंका असेल त्याने तो वाचावा.

एका प्रयोगात मास्तरांच्या प्रश्नानंतर मी सूर धरला आणि मनात ताईचे वाक्य म्हणू लागले. मी लिहिले होते, "मला उशीर होतोय." ऐकू आले, "घाई कसली, बस जरा." आवाज ताईचाच होता, सर्दी झाल्यावर होई तसा. गज थांबायला उशीर झाला. पडदा पडल्यावर मास्तर म्हणाले, "आज लांबवलंत. मी तिकडे घामाघूम." मी म्हटले, हात अवघडला होता.

त्यानंतर ती बोलत राहिली. मी लिहिलेले कमी, तिचे स्वतःचे जास्त. पुढे मंडळींची वये झाली, प्रयोग थांबले. मी घरी दुपार कलली की व्हायोलिन काढते, तो सूर धरते, मास्तरांचे वाक्य स्वतः म्हणते आणि थांबते. ताई उत्तर देते. तिचे वय वाढलेले नाही, माझे वाढले आहे, त्यामुळे आता ती माझ्याशी थोडे अदबीने बोलते. ते मला आवडत नाही.

माझी भाची नटी आहे. चांगली आहे, हे मी कोणाच्या दबावाखाली लिहीत नाही. तिला हे नाटक टिंबांशिवाय करायचे आहे, आईच्या खुर्चीत बसून. मागे तिने माझ्याकडे संहिता मागितली. मी नाही म्हटले आणि कारणही सांगितले, कारण तिला मी कधी खोटे सांगितलेले नाही. त्या जागी दुसऱ्या कोणी मोठ्याने शब्द उच्चारले तर ताई बोलायची थांबेल.

ती म्हणाली, "मावशी, तुझ्याकडे ती इतकी वर्षं येते. माझ्याकडे एकदाही आली नाही."

मी कपाटाची किल्ली कमरेला खोवली.

"मला तिचा आवाज आठवत नाही गं. निदान तिचे शब्द तरी दे."

मी म्हटले, "शब्द तिचे नाहीत, माझे आहेत."

"मग तर तुला देता येतील."

वकिलाला लाजवील असा मुद्दा होता. तरीही मी दिले नाही. सबब, माझ्या मृत्यूनंतर भावाने ही संहिता जाळावी आणि नाटकाचे हक्क कोणालाही देऊ नयेत.

खुलासा आणि दुरुस्ती. वरील कलमातले शेवटचे वाक्य मी आत्ता खोडले आहे. खाडाखोडीवर साक्षीदारांसमोर सही केली आहे. कारण नोंदवते.

सहीपूर्वी दस्त साक्षीदारांना वाचून दाखवण्यासाठी आज दुपारी मास्तर आणि दंतवैद्यबाई वर आले. वास्तविक गरज नसते, पण न वाचता सही करणारी माणसे मला चालत नाहीत. मास्तरांना जिना चढवून भाचीने आणले. तिच्या नावे दस्तात काही असल्याने मी तिला आतल्या खोलीत बसवले. ती मुकाट्याने गेली. दार मात्र लोटले नाही.

पाचवे कलम वाचून झाल्यावर दंतवैद्यबाईंनी सहज विचारले, ते कोणते वाक्य म्हणून तुम्ही थांबता? मी म्हणून दाखवले. मास्तरांनी मान हलवली. म्हणाले, "अहो, असं नव्हतो म्हणत मी. तुम्ही दम दिल्यासारखं म्हणताय." आणि काठी बाजूला ठेवून, ताठ बसून, त्यांनी ते म्हटले.

"इतका वेळ कुठे होतीस?"

आणि आम्ही दोघेही थांबलो. सवयच ती. माझ्या हातात गज नव्हता तरी मी वेळ सोडला. दंतवैद्यबाई एकदा माझ्याकडे, एकदा मास्तरांकडे पाहू लागल्या.

आतल्या खोलीतून उत्तर आले.

"इथेच होते. कोणी विचारलं नाही."

हे मी लिहिलेले नाही. ताईने इतक्या वर्षांत हे कधी म्हटलेले नाही. आवाज भाचीचा होता, मोठा नव्हता, आणि ती अभिनय करीत नव्हती. मास्तरांचे पुढचे वाक्य तयार असायला हवे होते. ते सोडून त्यांनी खुर्ची आतल्या दाराकडे वळवली.

मी कान देऊन बसले. दुसरे कोणी बोलले नाही. यापुढे बोलेल की नाही, हे मला माहीत नाही, आणि ते मिळकतीत धरता येत नाही.

सबब, कलम पाचवे पुढीलप्रमाणे वाचावे. खुर्चीचे नाटक, त्याची पूर्ण संहिता आणि सर्व हक्क भाचीचे. माझ्यामागे नव्हे, आजपासून. मी लिहिलेली वाक्ये तिने म्हणावीत अशी अट नाही. आईची म्हणावीत अशीही नाही. तिच्या जागी तिला जे बोलायचे असेल ते तिने बोलावे आणि मास्तरांनी ऐकून घ्यावे, त्यांना जिना चढवत असेल तोवर.

हे सर्व मी लिहिले, वाचले, पुन्हा वाचून दाखवले आणि मला मान्य आहे.

सही : लिहून ठेवणारी

साक्षीदार पहिले : मास्तर, निवृत्त शिक्षक व नट. समक्ष सही केली. सही ओळीच्या वर गेली, ती चष्मा घरी राहिल्यामुळे असे लिहा म्हणाले, म्हणून लिहिले.

साक्षीदार दुसऱ्या : दंतवैद्य, खालचा मजला. समक्ष सही केली.

ठिकाण : राहते घर, बाहेरची खोली.
तारीख : डॉक्टरांच्या दाखल्यावर आहे तीच. दुपार.

ता.क. सह्या झाल्यावर मी भाचीला बाहेर बोलावले. ती आली, आणि मास्तरांसमोरच्या रिकाम्या खुर्चीत बसायला सांगावे लागले नाही.