सात नंबरच्या ताक्यातली फुलं

२० फेब्रुवारी १९७४, टेमघर
ठरलं. पाडव्यापर्यंत दाबून वाळवलेल्या फुलांची पन्नास चित्रं. मग वाचनालयात प्रदर्शन. पॉवरलूमची नोकरी तोवरच. अडचण एकच, आक्काच्या घरात वजनदार पुस्तक नाही.

२२ फेब्रुवारी
अडचण सुटली! आक्काचे यजमान केसरीनाथ भाऊजी यांनी शब्द टाकून मला कारखान्यात फोल्डिंगला, म्हणजे कापडाच्या घड्या घालायला लावलंय. तिथे कापडाचे ताके छताला टेकलेत. सगळ्यांत खालच्या ताक्याच्या घड्यांत पळसाची चोचदार फुलं सरकवली. ताका सात नंबरच्या लूमचा, तो लूम चालवणाऱ्या राघोचा. मध्ये कागद घालायचा राहिला. कोरं कापड ओल पिईलच.

२५ फेब्रुवारी
फुलांसाठी अंजूरला निघालो. वाटेत वज्रेश्वरीचा ट्रक दिसला, चढलो. अकलोलीच्या गरम कुंडात तीन तास. फुलं शून्य. पण कलावंताचं अंग मोकळं हवं.

४ मार्च
फुलं बघायला वेळ झाला नाही. ढीग वाढलाय. दाब उत्तम.

८ मार्च, दुपार
कारखान्याच्या शेठने ताका उघडायला लावला. फुलं काळी पडून झडली, खाली पांढऱ्या कापडावर भगवे-लाल डाग. काळा चुरा त्याने कचरा समजून झटकला आणि ओरडला, किसने पान थूका? सगळ्यांनी राघोकडे पाहिलं. त्याच्या गालात पान होतंच. राघो म्हणाला, शेठ, पान मी खातो, पन कापडावर थुकत न्हाय. भाऊजी डाग निरखत म्हणाले, थुंकी अशी पोपटाच्या चोचीसारखी पडते होय? मी झाडू शोधायला गेलो.

९ मार्च
सांगणार होतो. पण शेठचा मूड बरा नव्हता. शिवाय राघोचं पान सुटलं तर त्याचंच भलं.

११ मार्च
राघोला काढलं. त्याची बायको तुळजा फाटकापाशी उभी होती. भाऊजी जेवताना म्हणाले, वीस वर्षं इथे राबलेला माणूस, मन मानत नाही रे. आक्काने मला विचारलं, तू का जेवत नाहीस? पोट बिघडलंय म्हणालो. प्रदर्शन झालं की सगळं सांगून टाकणार. तेव्हा माझ्या शब्दाला वजन असेल.

१४ मार्च
भाऊजी खुशीत. सात नंबर रिकामा, शेठला घरचाच माणूस हवा, तुझं नाव दिलं म्हणाले. बारा तासांची शिफ्ट. आक्काने देवापुढे साखर ठेवली. नाही म्हणायला तोंड उघडलं, त्यात साखर पडली.

१६ मार्च
पहिली ड्युटी. शिकवायला भाऊजींनी राघोलाच बोलावलं, तोही आला. तुटलेला धागा कसा जोडायचा ते त्याने चारदा दाखवलं. लूमच्या आवाजात माझ्या कानाशी तोंड आणून म्हणाला, बोटं सांभाळ हां पोरा, धागा घेऊन पळनारा धोटा कुनाची वलख ठेवत न्हाय. तोंडाला पानाचा वास नव्हता. सांगायला मी तोंड उघडलं. त्याला वाटलं, आवाजात मला ऐकू आलं नाही. त्याने पुन्हा पहिल्यापासून दाखवलं.