कच्च्या निवेदनाची फीत न पुसण्याबाबत

प्रति,
मा. संचालक,
ध्वनिचित्र अभिलेखागार,
दूरचित्रवाणी केंद्र.

विषय : फीत क्र. ४१७ न पुसण्याबाबत व तिची एक प्रत मिळण्याबाबत.
संदर्भ : आपले दि. २ मार्चचे पत्र, ज्यात माझ्या आईची नोंद ‘निरुपयोगी आवाज’ अशी आहे.

महोदय,

१. माझी दिवंगत आई आपल्या केंद्रात एकतीस वर्षे माहितीपटांची संकलक होती. लोकांचे खोकणे, अडखळणे आणि थापा कापून उरलेल्याला अर्थ आणणे हे तिचे काम. आपण दिलेल्या चार तासांच्या मुलाखतीतून तिने सहा मिनिटांचा अर्थ काढला होता. त्या सहा मिनिटांवर, महोदय, आपण बढती मिळवलीत, असे ती कधी म्हणाली नाही. मी म्हणते आहे.

२. निवेदक येण्यापूर्वी चित्राची लांबी जुळवण्यासाठी संकलक स्वतःच्या आवाजात कच्चे निवेदन भरतो. निवेदक आला की ते काढून टाकतात. फीत ४१७ वरचे तेवढे राहून गेले. घरच्या चित्रीकरणांतूनही आई स्वतःला नेमाने कापत असे. त्यामुळे तिचा आवाज आता जगात एवढाच आहे.

३. माझा पहिला अर्ज ‘आवाजाच्या मालकाने समक्ष यावे’ या शेऱ्यासह परत आला. मी मृत्यूचा दाखला जोडला. त्यावर मृत व्यक्तीची सही नसल्याची त्रुटी निघाली. खिडकीवरच्या बाई म्हणाल्या, “अहो ताई, एखादी जुनी सही आणा, चालवून घेऊ.” आणली. ती चालू वर्षाची नाही म्हणून नाकारली गेली. मृत व्यक्तीची चालू वर्षाची सही आणण्याची ही सूचना अमलात कशी आणावी, ते आपणच लेखी कळवावे.

४. येत्या शुक्रवारी ही फीत पुसून तीवर आपल्या निरोप समारंभाचे चित्रीकरण होणार असल्याचे समजते. आपले भाषण कापायला आता आई नाही, हे निदर्शनास आणून देणे मी कर्तव्य समजते.

५. ओळख पटवण्यासाठी फीत मला एक मिनिट ऐकवण्यात आली. आई एका नदीबद्दल वाचते, अडखळते, खोकते आणि स्वतःलाच म्हणते, “हे नंतर काढून टाक गं.” तिच्या सूचना केंद्राने एकतीस वर्षे पाळल्या. ही एक पाळू नये.

आपली, नमुन्यात छापल्याप्रमाणे नम्र,
(सही)
संकलकाची मुलगी
दि. ९ मार्च

सोबत :
१. मृत्यूचा दाखला, तिसरी प्रत.
२. आपल्या समारंभासाठी नवी कोरी फीत, एक नग.