बटाट्यांच्या खोक्यातली पुस्तकं

एकेरो, ओलांड बेटं, फिनलंड
१४ मार्च

बाबा,

मी, तूवा आणि तिचे बाबा, तिघंही मजेत आहोत. तूवाचा खोकला गेला, आणि चूलही चांगली तापते.

परवा मात्र फजिती झाली. तूवाचा अभ्यास तपासायला पालिकेच्या बाई येणार होत्या. तारीख ठरलेली होती. पण तिकडे स्वीडनमध्ये घरी शिकवायला बंदी, त्यामुळे दोन वर्षं लपूनछपून शिकवायची सवय. दारावर थाप पडताच मी पडदे ओढले, पुस्तकं बटाट्यांच्या खोक्यात कोंबली आणि तूवाला म्हटलं, “झोप, तुला ताप आलाय.”

बाई आत आल्या, तिला पांघरुणात बघून म्हणाल्या, “आजारी असेल तर पुन्हा येईन. पण पुस्तकं कुठे दिसत नाहीत?”

तूवा पांघरुणातूनच म्हणाली, “बटाट्यांत आहेत.”

बाई हसल्या नाहीत. त्यांनीच उठून पडदे सरकवले. म्हणाल्या, “अहो, घरी शिकवणं हा इथे तुमचा हक्क आहे. पोर शिकतेय ना, एवढंच मी बघते.” मग मातीने माखलेल्या वहीत तूवाने तासभर अपूर्णांक सोडवून दाखवले. मला रडू आवरेना.

तुम्ही चाळीस वर्षं शाळेत शिकवलंत. आमचं जाणं तुम्हाला लागलं, हे कळतं मला. तरी बोटीपर्यंत सोडायला तुम्हीच आलात, ते कधी विसरणार नाही. गुडघा कसा आहे? आपलं दर गुरुवारचं वाटाण्याचं सूप आता कोण करून देतं?

भूमिती काही मला जमत नाही. आजोबांनी शिकवलेलं चालेल का, तेही बाईंना विचारून घेतलंय. चालतं.

वाट बघणारी,
सिग्ने